क्राकूव ते ग्दान्स्क, गाडीनं

प्रकाशदादांनी पोलंडचा नकाशा जेवणाच्या टेबलावर पसरला आणि त्याची पुन्हा गुंडाळी होऊ नये म्हणून कोपऱ्यांवर हाताला लागेल ते ठेवलं. साखरेचा डबा, लोणच्याची बरणी, शर्वाणीची कंपासपेटी. चौथ्या कोपऱ्याला काही उरलं नाही, तिथं त्यांनी स्वतःचा तळहात दाबून धरला.

"आज गाडी बुक झाल्याशिवाय कोणी उठायचं नाही," ते म्हणाले. "हरीश, काय पाहून राहिला तिकडे खिडकीत? इकडे ये."

"आलो," हरीश म्हणाला आणि जागचा हलला नाही. ॲडम्सटाउनच्या त्या नव्या वसाहतीत रविवारी दुपारी बघण्यासारखं तसं काही नव्हतं. बंद पडलेल्या क्रेन, अर्ध्या बांधलेल्या घरांची रांग, दोन महिन्यांपूर्वी सुरू झालेलं स्टेशन आणि दारासमोर उभ्या त्यांच्या दोन गाड्या. एक हरीशची मोठी टोयोटा. दुसरी सुहासिनीची जुनी मायक्रा, जिच्या मागच्या काचेवर शिकाऊ चालकाचा लाल 'एल' होता.

सुहासिनी लॅपटॉप उघडून टेबलाच्या टोकाला बसली होती. दादांनी सांगायचं आणि तिनं टाइप करायचं, असं ठरलं होतं. तिची बोटं की-बोर्डावर टेकलेली होती आणि नजर हरीशच्या पाठीवर.

दादा हरीशचे थोरले भाऊ, चौदा वर्षांनी मोठे. नागपूरला वीज मंडळातून इंजिनिअर म्हणून निवृत्त झाले आणि नंदिनीवहिनींना घेऊन उन्हाळाभर धाकट्याकडे आयर्लंडला आले. वडील लवकर गेल्यामुळे हरीशला शाळेत घालण्यापासून गाडी शिकवण्यापर्यंत सगळं त्यांनीच केलं होतं, आणि तसं ते दिवसातून एकदा तरी आठवण करून देत. इकडे आलेला माणूस पॅरिस बघतो, स्वित्झर्लंड बघतो. दादांना पोलंडच हवं होतं, कारण ते तीस वर्षं राजदूत मोटरसायकलवर ऑफिसला गेले होते आणि राजदूतचा मूळ आराखडा पोलंडातल्या क्येल्त्से नावाच्या गावचा, हे त्यांना कुठंसं वाचायला मिळालं होतं.

"क्राकूवला उतरायचं," दादांची पेन्सिल नकाशावर टेकली. "किल्ला, तो मोठा बाजारचौक, मिठाची खाण. मग खाली डोंगरात दोन दिवस, झाकोपाने. तिथून वर क्येल्त्से."

"यांच्या राजदूतचं माहेर," नंदिनीवहिनी म्हणाल्या. त्या सोफ्यावर बसून लसूण सोलत होत्या.

"हस तू. ज्या गावानं मला तीस वर्षं वेळेवर ऑफिसला पोचवलं, त्या गावाला नमस्कार नको करायला? मग वॉर्सा. मग टोरून, कोपर्निकसचं गाव. मग तो विटांचा किल्ला, माल्बोर्क. आणि शेवटी समुद्र. ग्दान्स्क. विमान तिथूनच परत."

"अँड द बायसन, मोठे बाबा," शर्वाणी जमिनीवर पालथी पडून चित्र रंगवत होती. ती सगळं मराठी समजत असे आणि उत्तर मात्र शाळेतल्या इंग्रजीत देत असे. "यू प्रॉमिस्ड, लाइक. कासिया इन माय क्लास सेज देअर ह्यूज."

"बायसन पूर्वेच्या जंगलात राहतात बेटा. वाट थोडी वाकडी पडते. पण गाडी आपली, वाट आपली. तुझा बाप चालवणार, आपण मागे बसून चकल्या खाणार."

सुहासिनीनं लॅपटॉपचा पडदा जरा पुढे ओढला, उगाचच.

विमानाची तिकिटं निघाली होती, ती परत होणारी नव्हती. पाचही पासपोर्टांवर पोलंडचा व्हिसा लागला होता. राहायच्या जागा ठरल्या होत्या. राहिली होती फक्त गाडी, आणि गाडीचं नाव निघालं की हरीशला काही तरी काम आठवत असे. आधी साइट चालत नव्हती. मग जुलै जवळ आला की भाडी उतरतात असं त्याला कोणी तरी सांगितलं. मग ऑफिसात टोमेक म्हणून पोलिश मुलगा आहे, त्याला विचारून घेऊ म्हणाला. टोमेकला त्यानं काही विचारलं नव्हतं हे सुहासिनीला विचारल्याशिवाय कळत होतं.

हरीशकडे लायसन्स नव्हतं. हे हरीशला माहीत होतं आणि सुहासिनीला माहीत होतं. मात्र सुहासिनीला ते माहीत आहे, याचा हरीशला पत्ता नव्हता.

लायसन्स अगदीच नव्हतं असंही नाही. शिकाऊ होतं. त्या दिवसांत अर्धा आयर्लंड शिकाऊ लायसन्सवर वर्षानुवर्षं गाडी हाकत असे. परीक्षेची तारीख मिळता मिळता हंगाम उलटून जात आणि रस्त्यावरचा गार्डा, म्हणजे इथला पोलीस, फारसं मनावर घेत नसे. पुण्या-नागपूरहून आलेल्या मंडळींना ही सोय चांगलीच मानवली होती. त्यात हरीशचा हात दादांच्या पद्मिनी गाडीवर बसलेला. नागपूरच्या आरटीओच्या मैदानात इंग्रजी आठचा आकडा काढून अठराव्या वर्षी त्यानं लायसन्स मिळवलं होतं, जरी आता त्याची मुदत संपली होती. तेव्हा इथली परीक्षा म्हणजे त्याला सहीशिक्क्याचं काम वाटलं.

पहिल्या परीक्षेत त्यानं एका सायकलवरच्या म्हातारबाबांना ओलांडताना हलकेच हॉर्न वाजवला. आपल्याकडे ती माणुसकी. इथं म्हातारबाबा दचकून गवतात गेले आणि परीक्षकानं मान हलवली. दुसऱ्या वेळी एका राउंडअबाउटनं घात केला. दोन्ही वेळा त्यानं घरी येऊन 'युअर मॅन'चा, म्हणजे त्या परीक्षकाचा, मूड खराब होता असं सांगितलं, आणि सुहासिनीनंही परीक्षकाला दोन शिव्या दिल्या.

मग गेल्या वर्षीचा मे आला. सोमवारी हरीशची तिसरी परीक्षा आणि त्याच आठवड्यात गुरुवारी सुहासिनीची पहिली. तिला नावनच्या हॉस्पिटलात, तिथल्या प्रयोगशाळेत नोकरी लागली होती आणि नावनला जायला इथून आगगाडी नव्हती. सोमवारी हरीश आला तो घरात न शिरता टोयोटापाशीच वाकला, पुढच्या-मागच्या काचांवरचे 'एल' नखांनी खरवडून काढले आणि आत येऊन म्हणाला, "झालं एकदाचं." सुहासिनीनं शिरा केला.

गुरुवारी ती पास झाली. दोघांना शिकवणारी लूकनची बर्नडेट तिला घरी सोडायला आली होती आणि बर्नडेटचं तोंड म्हणजे वाहता नळ. दाराशी पोचेपर्यंत ती म्हणाली, आता तुझ्या नवऱ्यालाही सांग, मनाला लावून घेऊ नको म्हणावं, तीनदा नापास झालेले माझ्याकडे ढीगभर आहेत. आणि उतार आला की तो गाडी न्यूट्रलला का टाकतो, तेवढं एकदा विचार बाई त्याला. सुहासिनीनं विचारायची गरज नव्हती. पेट्रोल वाचवायची ती रीत दादांची होती.

ती घरात शिरली तेव्हा हरीश जिन्याच्या पायरीवर तिची वाट बघत बसला होता. त्याचा चेहरा पाहिला आणि तिच्या तोंडून निघून गेलं, "नाही झालं."

त्यानं तिला जवळ घेतलं. इथं पहिल्या खेपेला कोणीच पास होत नाही म्हणाला. स्वतः पोहे केले, शर्वाणीचा अभ्यास घेतला. कितीतरी महिन्यांत तो इतका मऊ बोलला नव्हता. त्या मऊपणाचा तिला मोह पडला, हे कबूल करायलाच हवं. उद्या सांगू म्हणता म्हणता वर्ष गेलं. पक्कं लायसन्स तिनं प्रयोगशाळेतल्या आपल्या खणात ठेवलं. 'एल' लावलेल्या गाडीला मोटरवेवर बंदी असते, म्हणून पक्क्या लायसन्सची सुहासिनी क्लोनीच्या अरुंद आडरस्त्यानं ट्रॅक्टरांमागून नावनला जात राहिली, आणि शिकाऊ हरीश 'एल'शिवाय रोज मोटरवेवरून सँडीफोर्डला ऑफिसात.

इथवर निभावलं होतं. पण क्राकूवच्या विमानतळावर गाडी देणारा माणूस लायसन्स मागणार होता. मागे दादा, वहिनी, शर्वाणी आणि सगळ्यांच्या बॅगा उभ्या असणार होत्या. दादांसमोर त्या काउंटरवर हरीशचं काय होईल, हा विचार सुहासिनीला तीन आठवडे सोडत नव्हता. एका वाक्यात सगळं सुटलं असतं. ते वाक्य तिच्याकडे होतं. पण ते उच्चारलं की त्याचं खोटं दादांपुढे उघडं पडणार, आणि आपलं त्याच्यापुढे. आज तरी तो स्वतः बोलेल, या आशेवर ती बसली होती.

"दादा, मी काय म्हणतो," हरीश एकदाचा खिडकीतून वळला. "ट्रेननं गेलो तर? टोमेक सांगत होता, तिकडे ट्रेन एकदम ग्रँड आहेत. सामानाची कटकट नाही, रस्ता शोधायला नको."

"ट्रेननं काय दिसते? स्टेशन दिसते," दादा म्हणाले. "आणि ते बायसन काय प्लॅटफॉर्मवर येऊन उभे राहतील?"

शर्वाणी खुदकन हसली. हरीशही हसला, जरा उशिरा.

"नाही, म्हणजे तुला आणि वहिनींना दगदग नको म्हणून."

"मला कशाची दगदग? मी बसणार. तुला चालवायचा कंटाळा आला काय?"

"कंटाळा नाही."

"मग काऊन तीन आठवड्यांपासून टाळून राहिला तू? मी पाहतो आहे. नसेल न्यायचं तर सरळ सांग, आम्ही इथंच बसतो."

वहिनींच्या हातातला लसूण थांबला. दादांचा आवाज चढला नव्हता, पण आता ते चेष्टा करत नव्हते. हरीशच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या. चाळिशी ओलांडलेला माणूस, ऑफिसात आठ-दहा जण त्याच्या हाताखाली काम करत, आणि भावाच्या एका वाक्यानं तो पुन्हा शाळेतला होत असे. सुहासिनीला त्याची दया आली, आणि दया आली की तिच्याच्यानं गप्प बसवत नसे.

"अहो, न्यायचंच आहे ना, दादा," ती म्हणाली. "ही बघा, साइट उघडलीय. पाच माणसं, मोठी डिकी, क्राकूवला घ्यायची, ग्दान्स्कला सोडायची. सगळं भरलं मी. आता फक्त..." ती थांबली.

"फक्त काय?"

"चालकाचं नाव विचारतंय. आणि पक्कं लायसन्स किती वर्षांपासून आहे ते."

हरीशनं तिच्याकडे पाहिलं आणि लगेच नकाशाकडे. बोल, ती मनात म्हणाली. आता बोललास तर मी तुझ्या बाजूनं उभी राहीन. मीही खोटं बोलले म्हणून सांगेन. बोल.

"आधी चहा घेऊ," हरीश म्हणाला.

"हो, मी टाकते," म्हणत ती उठलीच. आपण सुटलो म्हणून तिला बरं वाटलं आणि बरं वाटल्याचा रागही आला.

स्वयंपाकघरात वहिनी तिच्या मागोमाग आल्या. कपाटाला इथं प्रेस म्हणतात हे त्यांना शर्वाणीनं शिकवलं होतं. त्यांनी प्रेसमधून कप काढले आणि ट्रेमध्ये एकेक उलटा मांडायला लागल्या, मग लक्षात येऊन पुन्हा सुलटे केले.

"हरीशचं मन नाही दिसत चालवायचं," त्या म्हणाल्या.

"तसं नाही हो वहिनी. ऑफिसचा ताण आहे त्याला."

बाहेरून दादांचा आवाज आला. मोकळा, खूश आवाज. "अरे, मग आधी नाही सांगायचं! मी चालवतो. नागपूरहून इंटरनॅशनल परमिट काढून आणलं ते काय पूजेला?"

वहिनींच्या हातातून चमचा ओट्यावर पडला. त्यांनी स्वयंपाकघराचं दार अर्धं लोटलं.

"सुहास, यांना गाडी देऊ नका," त्या हळू आवाजात म्हणाल्या. "यांच्या उजव्या डोळ्यात मोतिबिंदू आहे. ऑपरेशन करून घेत नाहीत, काही नाही म्हणतात. फेब्रुवारीत वर्धा रोडवर एका स्कूटरवाल्याला उडवलं. दिसलाच नाही म्हणे तो. नशीब, पोरगा खरचटण्यावर वाचला. आमच्या गौरवनं तेव्हापासून किल्ल्या आपल्याजवळ ठेवल्या. बाप-लेकांचं बोलणं नाही चार महिन्यांपासून."

"आणि ते परमिट?"

"ते आधीच काढून ठेवलं होतं. मी म्हटलं, हरीशच चालवणार आहे, खिशात राहते तर राहू दे. तेवढाच माणसाला दिलासा." त्यांनी सुहासिनीचं मनगट धरलं. "पण तू बोलू नको हं. हरीशला तर नाहीच नाही. धाकट्या भावापुढे मान खाली गेली तर ते सहन नाही करणार. तू दुसरं काही तरी कारण काढ. तुला येते ते."

तुला येते ते. वहिनींनी ते कौतुकानं म्हटलं होतं. सुहासिनीला ते लागलं. दोघी जणी नवऱ्यांचा मान दोन्ही हातांनी झाकून त्या ओट्यापाशी उभ्या होत्या, आणि चहाला उकळी येऊन तो उतू जायला आला होता.

ती ट्रे घेऊन बाहेर आली तेव्हा हरीश तिच्या खुर्चीत बसून टाइप करत होता. तीन आठवड्यांत त्यानं पहिल्यांदाच त्या लॅपटॉपला हात लावला होता. दादांचं पूर्ण नाव, जन्मतारीख, झपाझप. त्याचे खांदे सैल झाले होते. दादा शेजारी उभे राहून परमिट डोळ्यांपासून लांब धरून, मग जवळ आणून नंबर वाचत होते. एकदा तीनाचा आठ झाला, तो हरीशनं डोकावून दुरुस्त केला आणि हसला. इतका मोकळा तो खूप दिवसांत हसला नव्हता.

सुहासिनीला भीती वाटली. खरीखुरी. अनोळखी देश, रस्त्याची उजवी बाजू, समोरून येणारे ट्रक, आणि मागच्या सीटवर चकल्या खाणारी शर्वाणी.

"दादांना कशाला त्रास?" ती म्हणाली. "सुट्टी आहे त्यांची."

"त्रास कसला?" दादा म्हणाले. "उलट मजा."

"तिथं उजव्या बाजूनं चालवतात, दादा. आपल्या उलट."

"एक दिवस जड जाईल. मग हात बसतो. चाळीस वर्षं चालवून राहिलो मी, पोरी."

तिनं हरीशकडे पाहिलं. "अहो, तुम्हीच चालवा ना मग. तुम्हाला मोटरवेची सवय आहे." ती हे का बोलली ते तिचं तिलाच नीट कळलं नाही. कदाचित त्याला शेवटचं दार उघडून द्यायचं होतं. कदाचित त्या दारात त्याला उभं करायचं होतं.

हरीश स्क्रीनवरून मान न काढता म्हणाला, "अगं, दादा म्हणतोय ना चालवतो म्हणून. मी शेजारी बसून रस्ता सांगेन. आणि मध्येच दमला तर तू आहेसच की. तुझं तर लायसन्स..."

त्याची बोटं थांबली.

शर्वाणीचा रंगखडू कागदावर फिरत होता तेवढा आवाज.

सुहासिनीनं ट्रे नकाशावरच ठेवला. तिला गेल्या डिसेंबरातली एक सकाळ आठवली. रात्रभर वारा सुटला होता आणि मायक्राच्या मागचा 'एल' एका कोपऱ्यानं सुटून फडफडत होता. ती डबा घेऊन बाहेर आली तर हरीश पायजम्यावरच, थंडीत कुडकुडत, गाडीमागे उकिडवा बसला होता. त्यानं काच टॉवेलनं कोरडी केली, नवी चिकटपट्टी लावली, चारी कोपरे अंगठ्यानं दाबून दाबून बसवले. "हळू जा, घाई करू नकोस," म्हणाला होता. तिचे डोळे भरून आले होते तेव्हा. क्लोनीच्या रस्त्यावर एका ट्रॅक्टरमागे अडकलेली असताना आपण अशा माणसाशी खोटं बोलतो म्हणून ती रडलीही होती.

"हरीश," ती म्हणाली. दादांसमोर ती त्याला कधी नावानं हाक मारत नसे. "तुला कधीपासून माहीत आहे?"

"काय?"

"कधीपासून?"

त्यानं ओठांवरून जीभ फिरवली. "बर्नडेट भेटली होती. दुकानात. गेल्या जूनमध्ये."

गेल्या जूनमध्ये. म्हणजे डिसेंबरातली ती सकाळ त्याच्यानंतरची. ती पास आहे हे पक्कं ठाऊक असताना त्यानं तो 'एल' चिकटवला होता, चारी कोपरे दाबून. आतापर्यंत ती त्याला सांभाळून घेत होती असं समजत होती. तो मात्र तिला तिथंच ठेवत होता, आडरस्त्यावर, आणि मायेनं. सुहासिनीला इतका राग आला की तिचा आवाज अगदी साधा झाला.

"बरं," ती म्हणाली.

"काय चालू आहे?" दादांनी एकदा त्याच्याकडे, एकदा तिच्याकडे पाहिलं. "कोणाचं लायसन्स? हरीश?"

अशा वेळी उत्तर द्यायचं काम सुहासिनीचं असे. काही तरी हसून बोलायचं, विषय बदलायचा, चहा पुढे करायचा. वहिनी तिच्याकडे त्याच अपेक्षेनं बघत होत्या. हरीशही. ती उभी राहिली आणि काहीच बोलली नाही. या वेळी तिनं हरीशला हात दिला नाही.

"सुहासिनीकडे पक्कं लायसन्स आहे, दादा," हरीश शेवटी म्हणाला. "पहिल्याच खेपेत मिळालं तिला."

"अरे वा. मग लपवायचं काय त्यात? आणि तुझं?"

"माझं नाही."

"नाही म्हणजे?"

"नापास झालो. तीनदा."

दादांनी हातातलं परमिट खाली घेतलं. "तू? मी शिकवलेला तू? काऊन नापास केलं त्यांनी?"

"शेवटच्या वेळी उतारावर गाडी न्यूट्रल केली म्हणून," हरीश म्हणाला. त्यात तक्रार नव्हती. त्याचा चेहरा पांढरा पडला होता, पण मान वर होती, आणि त्याच्या आवाजात सुहासिनीला थोडं हलकं झाल्यासारखं ऐकू आलं. त्या 'एल'बद्दल त्याच्याशी बोलायचं ते मग कधी तरी. आज नाही.

दादा काही बोलायला गेले. "न्यूट्रल तर मी..." वाक्य त्यांनी तसंच सोडलं आणि परमिटाची घडी घालायला लागले. ती घडी त्यांना नीट बसेना.

"उठ जरा," सुहासिनी हरीशला म्हणाली. तो उठला. तिनं खुर्ची पुढे ओढली आणि दादांचं नाव शेवटच्या अक्षरापासून पुसत नेलं. त्या जागी स्वतःचं लिहिलं. पक्कं लायसन्स, एक वर्षाहून जास्त. स्क्रीनवर ते काळ्या अक्षरांत उमटलेलं तिनं पहिल्यांदाच पाहिलं.

"ठीक आहे," दादा घसा खाकरून म्हणाले. "चांगलं आहे. पण दुसरा चालक म्हणून माझं नाव टाकून ठेव. लांबचा पल्ला आहे. हात बदलायला बरं."

वहिनींनी पदराचं टोक मुठीत धरलं. सुहासिनीला कारणं सुचत होती. वयाची अट आहे म्हणता आलं असतं, हिंदुस्थानी परमिट तिथं चालत नाही म्हणता आलं असतं, आणि दादांनी मानही डोलावली असती. वहिनींचा शब्दही तिला मोडायचा नव्हता.

"नको, दादा," ती म्हणाली.

"काऊन नको?"

"मला नको आहे. मागे शर्वाणी असेल. गाडी मी एकटी चालवणार."

दादा तिच्याकडे बघत राहिले. मग त्यांनी नंदिनीवहिनींकडे पाहिलं, आणि त्यांना काय कळायचं ते कळलं असावं, कारण त्यांनी परमिट खिशात टाकलं आणि पुन्हा काही विचारलं नाही.

सुहासिनीनं 'दुसरा चालक नाही' निवडलं आणि बुकिंग पूर्ण केलं.

"मी शेजारी बसून रस्ता सांगतो," हरीश हळूच म्हणाला.

"तू मागे बस. शर्वाणीजवळ. दादांना खिडकी लागेल, त्यांना बसू दे दुसऱ्या बाजूला." ती वहिनींकडे वळली. "पुढे वहिनी बसतील."

"मी?" वहिनी म्हणाल्या. "बाप्पा. पुढे बसणाऱ्याला काही काम असते काय?"

"एकच. मी चुकतेय असं दिसलं की सांगायचं."

"लगेच?"

"लगेच. माझ्या मनाला काय वाटेल याचा विचार नाही करायचा."

नंदिनीवहिनींनी दादांकडे पाहिलं नाही. त्यांनी मूठ सोडली, चुरगळलेला पदर गुडघ्यावर सारखा केला.

"सांगेन," त्या म्हणाल्या.